दारात काढलेला झेंडा

सीतारामराव तंजावरजवळच्या पापनाशमच्या शाळेत इतिहास-भूगोल शिकवायचे. निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली होती, तरी कुणी एखाद्या देशाचं नाव काढलं की राजधानी, नदी, चलन, सगळं एका दमात त्यांच्या तोंडून बाहेर पडे. समोरच्याचं वाक्य पुरं व्हायची वाट ते क्वचितच पाहत. त्यांची बायको धनलक्ष्मी म्हणे, "अहो, जरा श्वास घ्या. तो देश कुठं पळून जात नाही."

तंजावरात त्यांचं घर राजवीथीच्या मागच्या गल्लीत. वरच्या दोन खोल्या त्यांची मुलगी साईप्रिया हिने पाहुण्यांसाठी नीट करून घेतल्या होत्या आणि इंटरनेटवर घातल्या होत्या. पाहुणे येत, दोन दिवसांत मोठं देऊळ आणि राजवाडा पाहत आणि पुढे जात. मार्गळी महिन्यात, म्हणजे डिसेंबर-जानेवारीच्या थंडीत, मात्र एक बाई महिनाभर राहायला येणार असल्याचं कळलं. साईप्रियाने ऑफिसातून निघता निघता फोन केला.

"अप्पा, उद्या सकाळी येतायत त्या. लाकडी फळीवरची आपली चित्रं शिकायला. त्यांचा देश स्लोव्ह…"

"स्लोव्हाकिया!" सीतारामराव म्हणाले. "राजधानी ब्रातिस्लाव्हा, डॅन्यूबच्या काठावर. उत्तरेला तात्रा पर्वत. आधी चेकोस्लोव्हाकिया होतं, त्र्याण्णव साली दोन देश झाले. मी तर तीन वेळा नकाशा बदलून…"

"सरि अप्पा, बस आली," म्हणून तिने फोन ठेवला.

सीतारामरावांना उत्साह आला. मार्गळीत दारोदार पहाटे मोठमोठे कोलम काढतात. धनलक्ष्मीचा तर गल्लीत नावाजलेला. ते म्हणाले, "उद्या कोलमात त्यांच्या देशाचा झेंडा काढ. वर पांढरा, मध्ये निळा, खाली तांबडा. एका बाजूला ढाल, ढालीत निळे तीन डोंगर आणि त्यावर दोन आडव्या दांड्यांचा पांढरा क्रूस."

"एवढं सगळं रांगोळीत?"

"अगे, बाई सातासमुद्रांपलीकडून येते आहे."

"त्यांच्या देशाला समुद्र आहे का?"

"नाही," सीतारामराव लगेच म्हणाले, आणि तो का नाही तेही शिकवू लागले.

पहाटे धुकं होतं. धनलक्ष्मीने शाल गुंडाळून तासभर बसून झेंडा काढला, भोवती कमळांची वेल काढली. सीतारामराव फोनवरून स्लोव्हाक भाषेतला नमस्कार, 'दोब्री देन', म्हणायला शिकत ओसरीवर येरझारा घालत होते.

रिक्षातून उतरलेली बाई साठीची होती, आखूड पांढरे केस, पाठीवर पिशवी. तिचं नाव आलेंका. सीतारामराव हात जोडून मोठ्याने म्हणाले, "दोब्री देन!"

तिने हात जोडले. मग कोलमाकडे पाहिलं आणि मान एका बाजूला कलती केली. हळूच इंग्रजीत म्हणाली, "किती सुंदर काढलंय! फक्त हा माझ्या देशाचा झेंडा नाही. मी स्लोव्हेनियाची."

सीतारामराव ओशाळले. स्लोव्हेनिया! ल्युब्लियाना, युगोस्लाव्हियातून एक्याण्णव साली वेगळा झालेला. सगळं ठाऊक होतं. फक्त मुलीचं वाक्य पुरं ऐकलं नव्हतं. त्यांनी माफी मागितली, पुन्हा मागितली. साईप्रिया जिन्यावरून उतरली ती कोलम पाहून तिथंच थबकली. "अय्यो अप्पा!"

आलेंका हसू लागली. "काळजी करू नका. आमचं टपालसुद्धा त्यांच्याकडे जातं म्हणतात, त्यांचं आमच्याकडे. सारखीच नावं, तेच रंग." तिने पिशवी खाली ठेवली आणि धनलक्ष्मीला विचारलं, "मी हात लावू का?"

दोघी उकिडव्या बसल्या. पट्टे तसेच राहिले, कारण दोन्ही झेंड्यांचे रंग आणि त्यांचा क्रम एकच. ढाल तेवढी पुसली. धनलक्ष्मीने निळी पूड भरली. त्यावर आलेंकाने चिमटीने पांढरा डोंगर काढला, तीन शिखरांचा, खाली पाण्याच्या दोन लाटा, वर तीन तारे. तिची पूड सांडत होती, रेघ जाड-बारीक होत होती. धनलक्ष्मीने तिचं मनगट धरून चिमूट कशी सोडायची ते दाखवलं.

"आम्हाला समुद्र आहे," आलेंका बोलता बोलता म्हणाली. "थोडासाच. पण आहे."

धनलक्ष्मीने नवऱ्याकडे पाहिलं. ते खांबाकडे पाहत होते.

न्याहारीला सगळे टेबलाशी बसले. आलेंकाने पिशवीतून मधाची बाटली काढून दिली. तिच्या आजोळी मधमाशांच्या पेट्यांच्या लाकडी फळ्यांवर चित्रं रंगवत, ती पाहतच ती मोठी झाली होती. फळीवरच्या तंजावरी चित्रांची ओढ तिथूनच लागली. धनलक्ष्मीने मध डोशाला लावून चाखला आणि तिचं तोंड वाकडं झालं.

"कडू आहे हो!"

"चेस्टनटच्या फुलांचा," आलेंका म्हणाली. "पहिल्यांदा सगळेच असं तोंड करतात."

धनलक्ष्मीने जरा थांबून दुसरा घास घेतला. तिसऱ्याला तिने पसंतीने मान डोलावली.

मग आलेंकाने विचारलं, "तुम्ही आपसात बोलता ती तमिळच ना?"

"मराठी," साईप्रिया म्हणाली.

"म्हणजे तुम्ही मुंबईहून इथं आलात?"

धनलक्ष्मीचा हात पळीवरच थांबला. पुण्यात एका नातलगाच्या लग्नात कुणी तरी सीतारामरावांना म्हणालं होतं, "तुम्ही मद्रासी असून मराठी छान बोलता की!" ते ताटावरून उठले होते, आणि दोन दिवस त्या माणसाशी बोलले नव्हते. आताही त्यांनी तोंड उघडलं. पण त्यांची नजर उघड्या दारातून कोलमाकडे गेली, आणि ते खळखळून हसले. हसता हसता त्यांना ठसका लागला.

"मुंबई मी एकदाच पाहिली," ते म्हणाले. "ती पण पावसाने अर्धी झाकलेली. आमचे पूर्वज इथं आले त्याला साडेतीनशे वर्षं होतील. मराठा राजाबरोबर आले, राजे गेले, आम्ही राहिलो. देवळात तमिळ, बाजारात तमिळ, भांडण झालं तर घरात मराठी."

"आणि प्रेमाचं बोलणं?"

"ते आम्ही बोलतच नाही," धनलक्ष्मी म्हणाली, आणि आता सगळेच हसले.

हसू ओसरल्यावर सीतारामरावांनी विचारलं, "तुमचं गाव कोणतं?" विचारून त्यांनी ओठ घट्ट मिटले.

"लहानसं आहे. तुम्हाला माहीत नसणार. आमच्या भागाला क्रास म्हणतात. सगळा चुनखडीचा दगड. वारा इतका सुटतो की छपरावर दगड ठेवावे लागतात. वर पाणी टिकतच नाही. एक नदी तर येते आणि भल्यामोठ्या गुहेत शिरून नाहीशी होते…"

सीतारामरावांचा पाय टेबलाखाली हलू लागला. साईप्रियाला दिसत होतं, अप्पांच्या जिभेवर काहीतरी येऊन थांबलंय. पण ते ऐकत राहिले. आलेंकाने नदीचं सगळं सांगितलं: जमिनीखालून कित्येक मैल जाते, पलीकडे इटलीत समुद्राजवळ पुन्हा वर येते, आणि तिथं तिचं नाव वेगळं असतं.

"झालं सांगून?" त्यांनी विचारलं.

"झालं."

"कार्स्ट!" ते उभेच राहिले. "कार्स्ट भूरचना! दरवर्षी फळ्यावर मी ती गुहा काढली. वरून लोंबणारे दगड, खालून वाढणारे दगड, बुडणारी नदी. सगळ्या जगातल्या चुनखडीच्या प्रदेशांना तुमच्या भागाचं नाव आहे. आणि ते नाव जिथलं, तिथलं माणूस माझ्या घरी डोसा खातंय!"

आलेंकाचे डोळे चमकले. इतक्या लांब आपल्या दगडांना ओळखणारं कुणी भेटेल असं तिला वाटलं नव्हतं. "तुम्ही ती गुहा पाहिलीये?"

"खडूने," सीतारामराव म्हणाले.

त्याच आठवड्यात ते तिला पापनाशमला घेऊन गेले. त्यांची जुनी विद्यार्थिनी अखिला आता तिथं सामाजिक शास्त्र शिकवते. वर्ग भरला होता. सीतारामरावांनी सवयीने खडू उचलला, मग तो आलेंकाच्या हातात दिला आणि स्वतः शेवटच्या बाकावर जाऊन बसले. तिने गुहा काढली, नदी काढली. ती इंग्रजीत सांगे, अखिला तमिळमध्ये. एका मुलीने विचारलं, "नदी दिसत नसताना तीच वर आली हे कसं कळलं?"

"पाण्यात रंग सोडून पाहतात," आलेंका म्हणाली, "आणि तो कुठं वर येतो ते बघतात."

सीतारामरावांना हे ठाऊक नव्हतं. त्यांनी मुलांबरोबर मान पुढे केली.

परतीच्या बसमध्ये दोन्ही बाजूंना भात पोटरीला आलेला, लोंब्या फुटायच्या बेतात होता. ते आलेंकाला विचारत राहिले. छपरावरचे दगड कोण चढवतं? त्या वाऱ्याला नाव आहे का? लग्नात काय वाढतात? तिने नाव सांगितलं, बुर्या, आणि लग्नाच्या जेवणाचं सांगता सांगता खिडकीला टेकून तिला झोप लागली.

घरी धनलक्ष्मी वाट पाहत होती. "कसं झालं?"

"मी काही बोललोच नाही," सीतारामराव चपला काढत म्हणाले. ते फार खुशीत होते. "बस इथं, सांगतो तुला. तिच्या गावाकडे एक वारा आहे…"

धनलक्ष्मी कॉफी घेऊन शेजारी बसली.