दारातलं एक वाक्य

शेजारचे लुसियाँ गारो फ्रान्समधले नट होते, यावर माझा आधी विश्वासच बसला नाही. नट म्हणजे चारचौघांत उठून दिसणारा. हे गृहस्थ लिफ्टमध्ये असले तरी लक्षात यायचे नाहीत. त्यांच्या मुलीनं सांगितलं, लक्षात न येणं हीच तर त्यांची रोजीरोटी. उभा जन्म त्यांनी सिनेमांत, मालिकांत वेटर, पाद्री, डॉक्टर, फौजदार रंगवले. आत यायचं, निरोप सांगायचा आणि निघून जायचं.

बायको गेल्यावर ते सिंगापूरला मुलीकडे आले, जशी मी माझ्या मुलाकडे, सारंगकडे आले. दुपारी ते चहाला यायचे. माझं इंग्रजी मोडकं, त्यांचंही तसंच, म्हणून छान जमायचं. फक्त उठताना ते "आय अ‍ॅम गोइंग" म्हणाले, की मला ते खटकायचं. मी त्यांना शिकवलं, आमच्यात "जातो" म्हणत नाहीत, "येतो" म्हणतात, आणि घरच्यांनी "या" म्हणायचं. त्यांना ते फार आवडलं. म्हणाले, मादाम उल्का, मला सगळ्या दिग्दर्शकांनी जायलाच सांगितलं, परत या असं कुणी म्हटलं नाही.

दोन हजार चौदा साली इथेच चित्रीकरण होणाऱ्या एका मालिकेत त्यांना काम मिळालं. म्हातारा डॉक्टर दारात थांबून म्हणतो, "आय अ‍ॅम गोइंग. डोन्ट वेट फॉर मी." बस, एवढंच. पण तोवर त्यांना विसरायला होऊ लागलं होतं, आणि मुलगी त्यांना परत फ्रान्सला, ल्यों शहरातल्या वृद्धाश्रमात ठेवायचं म्हणत होती. एक वाक्य तरी आपल्याला अजून धरून ठेवता येतं का, हे त्यांना पाहायचं होतं.

तालीम आमच्या दारात चालायची. ते वाक्य म्हणायचे आणि मी सवयीनं टोकायची. असलं अभद्र माझ्या उंबऱ्यावर नको. मग ते हसून "येतो" म्हणायचे.

सेटवर ते सुरेख थांबले, वळले आणि म्हणाले, "येतो." पुन्हा घेतलं, पुन्हा "येतो". शेवटी दिग्दर्शकानं वाक्यच काढून टाकलं. मुलीनं हे सांगितलं तेव्हा मला रडूच आलं.

मालिका लागली त्या दिवशी सारंगनं लिटिल इंडियातून पेढे आणले. गारोंसह आम्ही सगळे आमच्या टीव्हीसमोर बसलो. पडद्यावर एक पाठमोरा कोट दारातून बाहेर गेला. सारंगनं विचारलं, हेच का? त्याला एक ठेवून द्यावीशी वाटली.

गारो पेढा न खाताच उठले. दारात थांबले, वळले, थेट माझ्याकडे पाहिलं.

"आय अ‍ॅम गोइंग. डोन्ट वेट फॉर मी."

एक अक्षर चुकलं नाही. मी तोंड उघडलं आणि मिटलं. त्यांचं वाक्य दुसऱ्यांदा कापायची माझी छाती झाली नाही.

पुढच्याच महिन्यात मुलगी त्यांना घेऊन निघाली. मी लिफ्टपाशी गेले, तर त्यांनी मला ओळखलं नाही. परक्या बाईला करावा तसा मान झुकवून नमस्कार केला आणि काही न बोलता आत शिरले. दार मिटल्यावर मी म्हणाले, "या."