दोन ब्रेकची गाडी

आमच्या गावात ज्याला गाडी चालवता येते, त्याला ती माझ्या आत्याने शिकवलेली आहे. ज्याला येत नाही, त्यालाही तिनेच शिकवलेली आहे. परवाना कार्यालयाचे मोठे साहेब दुसऱ्या प्रकारात मोडतात. शिकताना त्यांनी एका दुकानाची पायरी फोडली, तेव्हा आत्या भर रस्त्यात म्हणाली होती, "साहेब, तुम्ही चालतच जा. सगळ्यांच्याच तब्येतीला बरं."

साहेबांना ते चांगलंच झोंबलं. यंदा आत्याच्या ड्रायव्हिंग स्कूलचा परवाना नव्याने करून घ्यायची वेळ आली आणि तिचा अर्ज एका शब्दानिशी परत आला : नामंजूर. का, ते सांगायची तसदी कोणी घेतली नाही. काका गेल्यावर आत्याने याच शाळेवर घर चालवलं होतं. घरात नुसती बसून राहिलेली आत्या मला बघवेना. मीच तिला वकिलांकडे नेलं. वकीलही तिचेच विद्यार्थी. गाडी मागे घ्यायची वेळ आली की ते अजून खाली उतरून दुसऱ्याला बसवतात.

पण कोर्टात मात्र ते छान बोलले. न्यायाधीशबाईंनी नकार रद्द केला. परवाना द्यायचा की नाही हे ठरवणं आमचं काम नाही, असं त्या म्हणाल्या. ज्याचं या बाईंशी काही वाकडं नाही आणि जो त्यांच्याकडे शिकलेला नाही, अशा अधिकाऱ्याने गाडी पाहून, म्हणणं ऐकून, कारणं देऊन नव्याने ठरवावं. आम्ही जिंकलो. वकिलांनी तर हार घालून घ्यायचंच काय ते बाकी ठेवलं.

आता असा अधिकारी आणायचा कुठून? परवाना कार्यालयातले सगळेच आत्याच्या हाताखालून गेलेले. शेवटी टाचण्या आणि पंखे सांभाळणाऱ्या भांडार विभागात एक गृहस्थ सापडले. त्यांनी जन्मात स्टिअरिंगला हात लावला नव्हता. गाडीची तपासणी करायला ते बसने आले.

माणूस सज्जन होता, हे मला कबूल करावंच लागेल. आधी मागच्या सीटवर बसून त्यांनी गावभर एक चक्कर मारली. मग उतरून ड्रायव्हरच्या सीटपाशी वाकून विचारलं, "हे पायाशी काय आहे?"

"ब्रेक," आत्या म्हणाली.

"आणि तुमच्या बाजूला?"

"तोही ब्रेक. शिकणारा चुकला की मी दाबते."

"म्हणजे तो चुकणार, हे तुम्ही धरूनच चालता?"

"अहो, शिकायलाच आलेला असतो तो."

त्यांनी मान डोलावून सगळं लिहून घेतलं. आठवड्याने आदेश आला. आता कारणं भरपूर होती. एका वाहनाला दोन ब्रेक, हा उघड उघड बेकायदा बदल. शिवाय अर्जदाराचा स्वतःच्याच शिकवण्यावर भरवसा नाही, हे त्यांच्याच तोंडून सिद्ध. परवाना नामंजूर.

वकिलांनी आदेश वाचला आणि त्यांचा चेहरा उजळला. "काय सुरेख लिहिलंय! तुमचं म्हणणं ऐकलंय, कारणं दिलीत, मनात आकस नाही. आपण मागितलं ते सगळं मिळालं."

"परवाना सोडून," मी म्हणाले.

"निर्णय कसा घेतला, एवढंच कोर्ट बघतं हो. बरोबर की चूक हे नाही. अगदीच वेडगळ असला तर गोष्ट वेगळी."

"मग हा काय शहाणा आहे?"

"हा चूक आहे," वकील विचार करून म्हणाले. "वेडगळ व्हायला जरासा कमी पडतो."

घरी येऊन आत्याने शाळेची पाटी स्वतः उतरवली, पुसली आणि भिंतीकडे तोंड करून ठेवली. त्या दिवशी मला खूप राग आला. अजूनही येतो.

महिनाभराने दार वाजलं. तेच गृहस्थ होते. त्यांच्या निःपक्षपातीपणावर खूश होऊन सरकारने त्यांना परवाना कार्यालयात बढती दिली होती, आणि वर एक गाडीही.

"मला शिकायचंय, ताई," ते संकोचून म्हणाले. "दोन-तीन ठिकाणी जाऊन आलो, पण मला भीती वाटते. तुमच्या गाडीत कसं निर्धास्त वाटलं होतं. दोन ब्रेक होते ना."

आत्याने मला हाक मारली आणि या नव्या साहेबांना बसथांब्यापर्यंत सोडून यायला सांगितलं. चालत.