दुखतं तिथे फुली

खुंटी हे काही तिचं खरं नाव नव्हतं. मधल्या सुट्टीत ती मैदानाच्या भिंतीला टेकून एकदा उभी राहिली की घंटा होईपर्यंत हलायची नाही. एके दिवशी खेळायला धावणाऱ्या एका मुलीनं जाता जाता तिच्या खांद्यावर आपला स्वेटर अडकवला आणि म्हणाली, "असू दे इथं, खुंटीच आहे ही." सगळ्या हसल्या. तीही हसली, आणि स्वेटर पडू नये म्हणून घंटा होईपर्यंत खांदा सरळ धरून उभी राहिली. झालं, नाव पक्कं झालं.

घरी तिला कुणी बोलू देत नव्हतं असं नाही. पण बोलायचं कधी, हा प्रश्न होता. घर म्हणजे मागं दोन खोल्या आणि पुढं बुटांचं दुकान. बूट विकायचं नव्हे, शिवायचं. ज्यांच्या पायांना बाजारातला तयार जोड होत नाही अशी माणसं तिच्या बाबांकडे यायची. बाबा दिवसभर ठोकत, आणि ठोकताना बारीक खिळे ओठांत धरत. लोक मूग गिळून बसतात, यांच्या तोंडात खिळे. काहीही विचारा, उत्तर एकच, "हं." या हंचे सहा-सात प्रकार होते आणि आईला ते सगळे ओळखू यायचे. आई मशीनवर बुटाचं वरचं चामडं शिवायची, तिच्या दातांत दोरा. हातोडी थांबली की मशीन सुरू, मशीन थांबलं की हातोडी. दोन्ही एकदम थांबली तर शेजारीण डोकावून विचारायची, "सगळं ठीक आहे ना?"

माप घ्यायची बाबांची एक रीत होती. गिऱ्हाईक कितीही मोठं असो, मोजे काढून त्याला खाकी कागदावर उभं करायचं, पेन्सिल सरळ धरून पावलाभोवती रेघ ओढायची, मग ओठांतले खिळे तळहातावर काढून विचारायचं, "कुठं दुखतं?" गिऱ्हाईक बोट दाखवेल तिथे कागदावर फुली. दिवसभरात बाबांनी खिळे काढून विचारलेला प्रश्न तेवढाच. त्या कागदावरून लाकडाचे दोन पाय तयार व्हायचे, ज्यांना कलबूत म्हणतात. जिथे फुली, तिथे लाकडावर चामड्याची चकती ठोकायची. मग त्यावर ओढलेला बूट तेवढ्या जागी फुगीर होतो आणि आतल्या दुखऱ्या गाठीला ऐसपैस बसायला मिळतं.

असे कितीतरी लाकडी पाय सुतळीनं जोडीजोडीनं बांधून फळ्यांवर ठेवलेले होते, प्रत्येकाला चिठ्ठी. पोस्टमास्तर. नर्सबाई. बँकेतले साहेब, डावा अंगठा. खुंटी शाळेतून आली की खालच्या फळीवरचे पाय घेऊन कापायच्या टेबलाखाली शिरायची. तिथे तिचं गाव होतं. चिंध्यांच्या गल्ल्या, खोक्यांची घरं. पोस्टमास्तर कुणाला पत्र द्यायला गेले की आत जाऊन बसत आणि उठत नसत. नर्सबाई सदा घाईत. हे सगळं गाव बोलायचं, भांडायचं, एकमेकांच्या खोड्या काढायचं, आणि सगळ्यांचे आवाज खुंटीच काढायची, अगदी बारीक. वर हातोडी चालू असे, त्यामुळे कुणाला ऐकू जात नसे.

पण तिचा जीव होता तो एका छोट्या जोडीवर. चिठ्ठीवर लिहिलेलं, 'घड्याळवाल्या आजोबांची नात'. पाय खुंटीएवढेच, डावा उजव्यापेक्षा नखभर आखूड, आणि डाव्याच्या करंगळीशी दोन पदरी चकती. घड्याळं दुरुस्त करणाऱ्या त्या आजोबांची नात दुसऱ्या गावाला राहायची, सुट्टीत आजोबांकडे आली की तिचं माप व्हायचं. ती दुकानात यायची तेव्हा नेमकी खुंटी बाहेर कुठेतरी असायची. त्यामुळे खुंटीनं तिचं तोंड कधी पाहिलेलं नव्हतं. पाय मात्र तिला पाठ होते. टेबलाखालची नात खुंटीचं सगळं ऐकून घ्यायची. खुंटीला जे आवडे ते तिलाही आवडे. स्वेटरची गोष्ट खुंटीनं जगात फक्त तिलाच सांगितली होती.

एक दिवस खेळात पोस्टमास्तर आणि नर्सबाई नातीला गाठीवरून चिडवू लागले. आता चिडवणारे आवाजही खुंटीचेच, पण एकदा सुरू झाले ते तिला थांबवता येईनात. नात भिंतीला टेकून उभी राहिली. ते खुंटीला बघवेना. तिनं बाबांचा चिमटा घेतला, डाव्या पायाचे दोन खिळे उपटले आणि चकती काढून कंपासपेटीत टाकली.

"झालीस बरी," ती म्हणाली.

आपल्या हातानं कुणीतरी बरं झालं, याचं सुख काय असतं ते खुंटीला त्या दिवशी कळलं. सवय लागायला वेळ लागला नाही.

मोठी सुट्टी लागली आणि खुंटी बाहेर असताना घड्याळवाले आजोबा नातीला आणून नव्या बुटांचं सांगून गेले. पाय फारसे वाढले नाहीत, तेच कलबूत चालेल, असं बाबांनीच सांगितलं. आईनं जुन्या कागदावरून चामडं कापलं, शिवलं. बाबांनी ते लाकडावर ओढलं आणि हातोडी थांबली.

"या बाजूला चामडं जास्त कसं आलं?"

"कसं येईल? कागद तोच आहे."

"मग कात्री सरकली असेल."

"माझी कात्री नाही सरकत हो. तुम्ही आधी चष्मा करा."

"हं," बाबा म्हणाले, आणि जास्तीचं चामडं ओढून ताणून ठोकून टाकलं. टेबलाखाली खुंटीनं कंपासपेटी मांडीखाली सरकवली. सांगायचं तर चकती परत द्यावी लागणार. नातीला पुन्हा गाठ येणार.

बूट गेले, आणि तिसऱ्या दिवशी परत आले. पुढं आजोबा, मागं एक मुलगी, हातात नवे बूट, पायात आजोबांच्या मोठ्या सपाता. डाव्या करंगळीला पट्टी.

"मिस्त्री, बूट चावला हो," आजोबा अगदी हळू म्हणाले, जणू चूक त्यांचीच होती. "तुमचा बूट कधी चावत नाही, म्हणून म्हटलं दाखवावा."

बाबांनी बुटात हात घातला. मग फळीवरून कलबूत काढलं, दाराशी उजेडात नेलं, अंगठ्यानं चाचपलं. चकतीच्या जागी दोन बारीक भोकं होती, ती त्यांना दिसली नाहीत. त्यांनी कलबूत डोळ्यांजवळ धरलं, लांब धरलं. आईनं इतक्या दिवसांत पहिल्यांदाच टोमणा मारला नाही. त्याचं खुंटीला फार वाईट वाटलं. मग बाबांनी सुईत दोरा ओवून पाहिला, आपल्याला जमतं का ते बघायला. दोनदा चुकला. तिसऱ्यांदा त्यांनी सुई आईपुढं धरली.

"माझंच चुकलं असेल," ते आजोबांना म्हणाले. "डोळे गेले आता. नवीन कामं घ्यावीत की नाही, बघायला हवं."

खुंटी टेबलाखाली आणखी आत सरकली. तेवढ्यात टेबलावरून लोंबणारं चामडं बाजूला झालं आणि पट्टी बांधलेला पाय आत आला. मागोमाग बाकीची मुलगी.

"इथं काय करतेस?" तिनं विचारलं. आवाज चांगला खणखणीत होता. टेबलाखालच्या नातीचा आवाज असा नव्हता. "हे कोण?"

"पोस्टमास्तर."

"आणि या?"

"नर्सबाई." इतक्या वेळात खुंटीचे दोन शब्द झाले होते. शाळेत आठवड्याला तेवढे होत.

"आणि मी कुठाय? वर काका म्हणत होते, माझे पण लाकडी पाय आहेत."

"ते बाबांच्या हातात आहेत. नाहीतर इथेच असतेस. त्या खोक्यात राहतेस तू."

मुलीनं खोक्याकडे पाहिलं. तिला ते फारसं आवडलेलं दिसलं नाही. "मी काय करते इथं?"

"माझ्याशी खेळतेस." खुंटी थांबली. मग एकदम सांगून टाकलं, कारण या मुलीला सगळं सांगायची तिला सवय होती. "तुला सगळे चिडवायचे, म्हणून मी तुझी गाठ काढली." तिनं कंपासपेटी उघडून चकती पुढं केली.

मुलीनं ती तळहातावर घेतली, उलटीपालटी केली, आपल्या करंगळीशी धरून पाहिली. "माझी मोठी आहे याहून," ती जरा तोऱ्यात म्हणाली. "आणि मला नाही कुणी चिडवत. माझ्या गाठीला पाऊस यायच्या आधी कळतं. सगळी पोरं मलाच विचारतात, आज खेळायला छत्री न्यायची का."

खुंटीनं कंपासपेटी मिटली.

"मला विचारायचं होतंस."

"तू नव्हतीस."

"मग माझ्याशी खेळत कशी होतीस?"

वर बाबा आजोबांना दुसऱ्या एका कारागिराचा पत्ता सांगत होते.

"त्यांना सांग ना," मुलगी म्हणाली.

"तूच सांग."

"मी का? गाठ माझी, पण काढलीस तू."

हे खेळातल्या नातीनं कधीच म्हटलं नसतं. खुंटी टेबलाखालून बाहेर आली. हातोडी बंद होती, मशीन बंद होतं, बोलायला आयुष्यात एवढी मोकळी जागा तिला कधी मिळाली नव्हती आणि नको तेव्हा मिळाली होती. तिनं चकती बाबांच्या पुढ्यात ठेवली.

"मी काढली."

पत्ता सांगून झाल्यावर सवयीनं पुन्हा ओठांत धरलेले खिळे बाबांनी एकेक करून तळहातावर काढले. "का?"

"तिला दुखायचं."

"लाकडाला?"

"हं," खुंटी म्हणाली.

आजोबांनी खोकल्याचं निमित्त करून तोंड फिरवलं. बाबांनी कलबुतावर नख फिरवलं, दोन भोकं शोधली, चकती तिथे धरून पाहिली. त्यांचे खांदे हळूहळू खाली आले. मग काहीतरी आठवून ते म्हणाले, "अजून कुणाकुणाला बरं केलंस?"

खुंटीनं कंपासपेटी उलटी केली. तीन चकत्या घरंगळल्या. "पोस्टमास्तर. नर्सबाईंच्या दोन."

"अगं बाई," आई म्हणाली, "नर्सबाईंचे बूट शनिवारी द्यायचेत." आणि मग बाबांकडे वळून, "माझी कात्री सरकली होती म्हणे."

"हं," बाबा म्हणाले. हा प्रकार नवा होता. आईला तो कळला असावा, कारण तिनं कात्रीचा विषय तिथेच सोडला.

खुंटीला मार बसला नाही. पण बाबांनी खालच्या फळीवरचे पाय उचलून वरच्या फळीवर ठेवले, आणि ते मारापेक्षा जास्त लागलं. शेवटी पाहुणी खेळायला आहे म्हणून पोस्टमास्तर आणि नर्सबाई तेवढे खाली राहिले. चकत्या नंतर ठोकू, बाबा म्हणाले. बूट पुन्हा भिजवून ओढायला दोन दिवस लागणार होते, आणि आजोबांना निघायची घाई नव्हती. मुलगी पुन्हा टेबलाखाली गेली. तिनं पोस्टमास्तरांना खोक्यातून ओढून काढलं आणि नर्सबाईंबरोबर नाचायला लावलं.

"ते तसे नाहीत," खुंटी म्हणाली. "ते बसून राहतात."

"आता नाचतात."

"नर्सबाईंना वेळ नसतो."

"आज सुट्टी आहे त्यांना. तू पोस्टमास्तर धर, मी ह्यांना धरते. नीट धर, पडतील."

खुंटीनं धरलं. पोस्टमास्तर दुसऱ्याच्या मनानं हलताना पाहून तिला आधी राग आला. मग राग कुठे गेला ते कळलं नाही. मुलगी नाचाचं गाणं मोठ्यानं म्हणत होती, सुराबिराची पर्वा न करता, आणि खुंटी तिच्या तालात यायला धडपडत होती, जमत नव्हतं, चुकत होतं. "गुरुवारी येते बूट न्यायला," जाताना मुलगी म्हणाली. "तोवर यांना बसवू नकोस."

गुरुवारी खुंटी सकाळपासून टेबलाखाली होती. गल्ल्या झाडून ठेवल्या होत्या. खोक्यात नात नव्हती. कलबूत बाबांनी कालच खुंटीला परत दिलं होतं, चकती ठोकून. खुंटीनं ते खोक्यात ठेवून पाहिलं, नातीचं काहीतरी बोलायला तोंड उघडलं, आणि तो जुना बारीक आवाज काढवेना. नातीचा आवाज कसा आहे ते आता माहीत झालं होतं. तिनं ते दोन्ही पाय पुसून स्वतःच फळीवर ठेवले.

दुपारी आजोबा आले. एकटेच.

"तिची आई येऊन घेऊन गेली काल," ते बाबांना म्हणाले. "बूट मी टपालानं पाठवतो. इथं एक मुलगी असते ना? निरोप आहे. पोस्टमास्तर अजून नाचतात का, विचारलंय."

बाबांची हातोडी थांबली. आईचं मशीनही थांबलं. खुंटी बाहेर आली. गिऱ्हाइकाशी ती कधी बोलली नव्हती.

"दमलेत," ती म्हणाली. "पण नाचतात." आणि थोड्या वेळानं, "ती परत कधी येणार?"

"पाय वाढले की," आजोबा म्हणाले.

मशीन पुन्हा सुरू झालं. बाबा बूट कागदात गुंडाळू लागले, तेव्हा खुंटीनं खाकी कागदाचा एक तुकडा ओढून घेतला, जमिनीवर पसरला, त्यावर उभी राहिली आणि वाकून स्वतःच्या पावलांभोवती पेन्सिल फिरवली. स्वतःचं माप स्वतः घेताना तोल जातो, त्यामुळे रेघ टाचेशी वेडीवाकडी झाली.

बाबांनी पाहिलं. खिळे तळहातावर काढले. "कुणासाठी?"

"तिला. तिच्याकडे माझे पाय नाहीत."

"कुठं दुखतं?" बाबांनी विचारलं. सवयच ती.

खुंटीनं विचार केला. पायात कुठेच दुखत नव्हतं. पण कोरा कागद द्यायला बरं वाटेना. तिनं पेन्सिल घेतली आणि दोन्ही पावलांच्या बाहेर, जिथे कागद नुसता मोकळा होता, तिथे एक फुली मारली.

बाबांनी त्या फुलीवरून अंगठा फिरवला. त्या जागी चकती कशी ठोकायची ते त्यांना माहीत नव्हतं. त्यांनी कागदाची घडी घातली आणि उजव्या बुटात, अंगठ्यापाशी, नीट आत सरकवली.