लव्हर्नचा पायगुण

आमच्या कॉलेजच्या बास्केटबॉल संघाचं नाव खेचरं. बाहेरगावचे लोक हसतात. हसू देत. इथल्या खाणीतला चुनखडीचा दगड शंभर वर्षं खेचरांनीच ओढला, त्यावर निम्मं इंडियाना राज्य बांधलं गेलं, तेव्हा कुणी हसत नव्हतं. यंदा चव्वेचाळीस वर्षांनी वेल्डन कॉलेजची खेचरं देशाच्या स्पर्धेत गेली. अडुसष्ट संघ, तीन आठवडे, आणि हरला की सरळ घरी.

डेलमर माझा मोठा भाऊ. वय त्र्याहत्तर, शेजारच्या घरात एकटा राहतो, आणि मॅच बघायला माझ्याकडे येतो. सोफ्याचं डावं टोक त्याचं, उजवं माझं. तीन वर्षांपूर्वी त्याची नजर गेली. पूर्ण नाही, मधलीच गेली. कडेकडेचं दिसतं, समोर बघायला गेलं की धुकं. तेव्हापासून मॅच मी त्याला सांगते. टीव्हीचा आवाज बंद करून आपल्या गावच्या रेडिओची कॉमेंट्री लावायची ही इकडची जुनी पद्धत, कारण टीव्हीवरच्या शहाण्यांना आमच्या पोरांची नावंसुद्धा धड घेता येत नाहीत. रेडिओ टीव्हीच्या चार सेकंद पुढे असतो. म्हणजे बास्केट झाली हे डेलमरला माझ्या आधी कळतं. तरी तो विचारतो, कशी गेली? मग मी सांगते. कुणाच्या बुटाची नाडी सुटली, कोण रुसून बाकावर बसलाय, कोचने लिंबू चावल्यासारखं तोंड कुणाकडे बघून केलं. शाळेची बस एकतीस वर्षं चालवली मी. आरशात बघून मागच्या पोरांची तोंडं वाचायची सवय आहे मला.

फेब्रुवारीत डेलमरने शेगडीवर भांडं ठेवलं आणि विसरला. घर थोडक्यात वाचलं. त्याची मुलगी टॅमरा फिनिक्सला असते, तिने ठरवूनच टाकलं की बाबा आता तिच्याकडे राहतील. पोरीचं चुकलं असं मी म्हणणार नाही. डेलमरने महिनाभर टाळाटाळ केली आणि शेवटी फोनवर तिला म्हणाला, खेचरं स्पर्धेतून बाहेर पडली की येतो, तोवर विषय काढायचा नाही. टॅमराने मला वेगळा फोन करून विचारलं, आत्या, म्हणजे साधारण किती दिवस? पहिल्याच मॅचला समोरचा संघ आमच्यापेक्षा कितीतरी तगडा होता. मी खरं काय ते सांगितलं, गुरुवारी दुपारपर्यंत. ती बिचारी खूश झाली.

मी फोन ठेवला आणि स्वयंपाकघरात उगाच भांडी आपटली. मला तो जायला नको होता. पण हे कुणाला सांगणार, आणि कुठल्या तोंडाने? त्याचं भांडं जळलं तेव्हा मी शेजारी माझ्या घरातच असून मला वास आला नव्हता.

गुरुवारी पहिली मॅच. अर्धी होईपर्यंत आम्ही चौदाने मागे. पोरांचे हात दगडाचे झाले होते आणि मी डेलमरला तसंच सांगत होते. तेवढ्यात खिडकीतून दिसलं की अंगणात माझ्या ट्रकचे दिवे चालूच राहिलेत. गेले बंद करायला. बाहेर गार वारा होता, म्हणून जरा आत बसले, डोकं टेकलं. खरं सांगायचं तर चौदाने मागे पडलेली मॅच मला सांगवत नव्हती. दहा-बारा मिनिटांनी परत आले तर डेलमर सोफ्याच्या टोकावर येऊन बसलेला. सलग अकरा गुण आपले, म्हणाला. मी बसले. लगेच समोरच्यांनी दोन बास्केट टाकल्या. आम्ही दोघं एकमेकांकडे बघत राहिलो. तो मान तिरकी करून बघतो, कडेने.

"व्हर्नी," तो म्हणाला, "ट्रकमध्ये जाऊन बस."

आता मी काही खुळी बाई नाही. एकतीस वर्षांत एकदाही बसला खरचटू दिलं नाही. पण स्पर्धेच्या मार्च महिन्यात या मुलुखात शहाणं कुणीच नसतं. आमचा पाद्रीसुद्धा जिंकलेल्या दिवशीचे मोजे धूत नाही. मी कोट चढवला आणि गेले. खेचरं तीन गुणांनी जिंकली. माझा पायगुणच वाईट निघाला, त्याला काय करणार.

शनिवारच्या मॅचला नियम ठरले. मी ट्रकमध्ये, तोंड गॅरेजकडे, गाडीचा रेडिओ बंद. आपण पुढे असलो तर डेलमर ओसरीवरचा दिवा एकदा लुकलुकवणार, मागे असलो तर दोनदा. भर दुपारी तो दिवा दिसायला मला डोळे बारीक करावे लागत. थर्मासमधली कॉफी संपली, पाय गारठले, आणि माझ्या मनात एकच, जिंकलो तर तो आणखी सहा दिवस इथे. शेवटी दिवा असा काही फडफडला की एकदा की दोनदा काही कळेना. धावत गेले तर डेलमर बटणावर पंजा ठेवून उभा, आनंदाने हलत होता. देशातल्या पहिल्या सोळांत आलो होतो.

मी विचारलं, कशी झाली मॅच? एरवी हा माणूस जिंकल्यावर दोन तास बोलतो. त्या दिवशी म्हणाला, जिंकलो ना. पर्सिमन फळाचं पुडिंग खाल्लं आणि घरी गेला. मला ते खटकलं होतं, पण मी मनावर घेतलं नाही. जिंकल्याच्या नशेत होते.

पुढची मॅच शुक्रवारी संध्याकाळी सहाला. गावाचं डोकं पुरतं फिरलं होतं. न्हाव्याच्या दुकानावर लाकडी खेचर उभं केलेलं, खाणीवर दुपारची पाळी रद्द. टॅमरा बुधवारीच दोन रिकाम्या बॅगा घेऊन आली होती. सोमवारची तिकिटं काढलेली, आणि जिंकलो तर पुढे ढकलायची असं तिने कबूल केलं होतं. ती गोड मुलगी आहे, फक्त तिला बास्केटबॉलमधलं ओ का ठो कळत नाही. मी तिला माझ्या जागेवर बसवलं, तुला दिसतं ते बाबांना सांगत राहा म्हटलं, आणि कोट घालून निघाले. आत्या, तू खरंच बाहेर बसणार, असं तिने तीनदा विचारलं. मी म्हटलं, तुझे बाबा इथे राहायला हवेत तर कुणीतरी बाहेर बसायलाच हवं. बोलून गेले आणि जीभ चावली. टॅमराने बॅगांकडे बघितलं.

दिवा एकदा लुकलुकला. मग दहा मिनिटांनी पुन्हा एकदा. मी स्टिअरिंग धरून बसले होते. मग बराच वेळ काहीच नाही, आणि ओसरीचं दार उघडलं. डेलमर कठडा चाचपत पायऱ्या उतरला, चिखलातून ट्रकपर्यंत आला आणि त्याने काचेवर टकटक केली. मी काच खाली घेतली आणि कितीने मागे आहोत विचारलं.

"सातने पुढे आहोत. सहा मिनिटं राहिलीत. आत चल."

"मग बाहेर कशाला मरायला आलास? जा आत. मी इथून हलणार नाही."

"टॅमरा सांगते, उंच मुलाने दुसऱ्या उंच मुलाला चेंडू दिला. सगळेच उंच आहेत गं, व्हर्नी."

मला हसू आलं, पण मी दार उघडलं नाही. रेडिओ आहे ना, म्हटलं, तो सगळं सांगतो.

"रेडिओ स्कोअर सांगतो. शनिवारीही त्याने स्कोअरच सांगितला." त्याने दाराच्या दांडीला धरलं होतं. "मला मॅच बघायचीय."

मी त्याला स्पष्टच म्हटलं की मी आत आले आणि हरलो, तर सोमवारी तुला विमानात बसावं लागेल. ते मला सहन होणार नाही, हेही म्हटलं. चौसष्ट वर्षांत त्याला असं काही मी पहिल्यांदाच म्हणत होते, आणि तेही ट्रकच्या खिडकीतून.

"बसायचं तर आहेच. या सोमवारी नाही तर पुढच्या," डेलमर म्हणाला. "पण चव्वेचाळीस वर्षांनी खेचरं इथवर आली, आणि मी तिकडे जाऊन काय सांगू लोकांना? माझी बहीण गॅरेजकडे तोंड करून बसली होती म्हणून?"

मी उतरले. त्याने माझ्या कोपराला धरलं आणि आम्ही आत गेलो. टॅमरा उठून खाली गालिचावर बसली. डेलमर म्हणाला, रेडिओ बंद कर. मी म्हटलं, अरे, टीव्ही मागे असतो. तो म्हणाला, असू दे. मग घरात माझ्याशिवाय कुणाचाच आवाज उरला नाही.

मी सांगत गेले. सातचे पाच झाले, पाचाचा एक. काही लपवलं नाही. आमचा अकरा नंबरचा पोरगा, केसी प्रुइट, त्याच्या गुडघ्याला पट्टी होती आणि तो दर वेळी ती वर ओढत होता. समोरच्या कोचने कोट काढून फेकला. आमचा कोच जमिनीवर एक गुडघा टेकून बसलाय, चर्चमध्ये बसावं तसा. डेलमर हसला आणि म्हणाला, तो चर्चला कधी जात नाही. मग पंचाने आमच्यावर फाउलची शिट्टी वाजवली, ती चुकीची होती असं मला आजही वाटतं, आणि समोरच्यांनी दोन फ्री थ्रो टाकून एकाची आघाडी घेतली. चार सेकंद उरले. चेंडू प्रुइटकडे.

"वळला," मी म्हणाले. "दोघं अंगावर आलेत. उडी मारली, हात सरळ आहे, सुटला. रिंगवर आहे. रिंगवरच फिरतोय."

टॅमराने तोंडावर हात घेतला. डेलमर माझ्याकडे कान करून थांबला होता. रेडिओ असता तर त्याला केव्हाच कळलं असतं. आता माझ्या शब्दावर होतं सगळं.

"बाहेर पडला," मी म्हटलं.

डेलमर म्हणाला, "पोरगा कसा आहे?"

मी डोळे पुसून नीट बघितलं. सांगितलं की जर्सीची कड दातात धरून उभाय, रडतोय, कोच त्याच्या मानेवर हात ठेवून काहीतरी बोलतोय, आणि पोरगा मान हलवतोय. डेलमरने मान हलवली. चांगला कोच आहे, म्हणाला. मग दोन तास बोलत बसला, पहिल्या शिट्टीपासून, जणू जिंकलोच होतो. टॅमराने त्याला एकदाही झोपायला चल म्हटलं नाही.

सोमवारी मी त्यांना माझ्याच ट्रकमधून विमानतळावर सोडलं. डेलमर मधल्या सीटवर, गुडघे माझ्या गिअरला लागत होते. रस्ताभर मी त्याला सांगत गेले, कुणाच्या शेतात नांगर फिरलाय, कुणी ओसरी रंगवायला काढलीय. तो हूं हूं करत होता. परत येताना गाडीत बोलायला कुणी नव्हतं, आणि मला ते फार लागलं.

गावात आजही सगळे त्या पंचाला शिव्या देतात. न्हाव्याच्या दुकानात त्याचं चित्र काढून त्यावर बाण मारतात. मी मान डोलावते आणि दूध घेऊन घरी येते. कुणामुळे हरलो हे मला माहीत आहे, डेलमरला माहीत आहे. त्याने ते कुणाला सांगितलेलं नाही.

पुढच्या शनिवारी स्पर्धेची उपान्त्य फेरी होती. मोठ्या नावांचे चार संघ, आम्हाला त्यांचं काय? मी टीव्ही लावला नव्हता. फोन वाजला. पलीकडे डेलमर. तिकडे भिंतीएवढा टीव्ही आहे म्हणाला, आणि टॅमरा जीव तोडून सांगतेय, पण अजून सगळे उंचच आहेत. मी टीव्ही लावला आणि सवयीने उभीच राहिले, दाराजवळ, कोट असतो तिथे.

"बसलीस का?" त्याने विचारलं.

बसते रे, मी म्हटलं. त्याला कळलं.

"अगं, आज दोन्ही संघ आपले नाहीत," तो म्हणाला. "बस निवांत."

मी सोफ्यावर बसले, उजव्या टोकाला, आणि सांगायला लागले.