फुलीवरची सही

बँकेत सगळे त्यांना लॉकर मॅडम म्हणत. बडतर्फ होऊन चौदा महिने झाले तरी त्यांचे वकीलसाहेब तशीच हाक मारत.

आज कोर्टात त्यांच्या बडतर्फीविरुद्धच्या अर्जाची शेवटची सुनावणी होती. शेजारी लेक बसली होती, कॉलेज बुडवून. "तू काही केलंच नाहीस, मग घाबरतेस कशाला?" हे ती सकाळपासून तीनदा म्हणाली होती. तिथंच तर दुखणं होतं. घरी मॅडमनी सांगून ठेवलं होतं की सगळं कुभांड आहे. आणि ते सगळं काही कुभांड नव्हतं.

झालं होतं असं. लॉकर उघडायचं तर ग्राहकानं रजिस्टरमध्ये त्या लॉकरच्या पानावर सही करायची, मॅडमनी ती ताडून बघायची आणि मग बँकेची किल्ली लावायची. सहीची जागा लोकांना काही केल्या सापडत नाही, म्हणून बँकवाले पेन्सिलीनं फुली मारून ठेवतात. फुली दिसली की माणूस वाचतबिचत नाही, सही ठोकून मोकळा होतो. एका आजींचे गुडघे गेले होते, तळघराचा जिना उतरताना त्यांचा जीव जायचा. त्यांनीच गळ घातली, "पोरी, चार सह्या आत्ताच घेऊन ठेव. पुढं किल्ली देऊन मुलालाच पाठवीन." मॅडमनी चार ओळींवर चार फुल्या मारल्या. दया आली म्हणून, दुसरं काही नाही.

मुलगा तीनदा आला, गेला. चौथ्यांदा आला तेव्हा मॅडमनी चौथ्या सहीपुढं तारीख घातली आणि किल्ली लावली. आजी चार दिवसांपूर्वीच वारल्या होत्या, मॅडमना त्याचा पत्ता नव्हता. पुढं आजींच्या मुलीला लॉकर रिकामं मिळालं, तिनं रजिस्टर मागितलं आणि मेलेल्या बाईची सही उजेडात आली.

चौकशीत मॅडम म्हणाल्या, "सही माझ्यासमोरच झाली. तारीख चुकून पडली असेल." पहिलं वाक्य खरं होतं. कधी झाली, ते कोणी विचारलं नाही आणि त्यांनी सांगितलं नाही.

"कोर्ट नव्यानं चौकशी करत बसत नाही," वकीलसाहेबांनी समजावलं होतं. "ती नियमानं झाली की नाही, एवढंच बघतं. चौकशीचा अहवाल तुमच्या हातात न देताच तुम्हाला काढलं, हा आपला एकच मुद्दा. तुम्ही तोंड उघडायचं नाही."

पण बँकेच्या वकिलानं एक कागद पुढं केला. 'अहवालाची प्रत मिळाली.' खाली मॅडमची सही.

मॅडमना आठवलं. चौकशीच्या शेवटच्या दिवशी अधिकाऱ्यानं पाचसहा कागद सरकवले होते, प्रत्येकावर फुली. बावीस वर्षं लोकांसाठी फुल्या मारणाऱ्या बाईनं एकही कागद वाचला नव्हता.

न्यायाधीशांनी चष्मा काढला. "बाई इथं आहेत? पुढं या. ही सही तुमची?"

"हो, साहेब."

"मग अहवाल मिळाला होता?"

"नाही."

"मग सही कशी केलीत?"

वकीलसाहेब डोळ्यांनी दटावत होते. पण मॅडम घाबरल्या होत्या, आणि घाबरलेला माणूस खरं बोलून जातो.

"फुली होती, साहेब. आमच्याकडं तीच पद्धत आहे. आधी सही घेऊन ठेवायची, तारीख मागाहून. लॉकरला पण आम्ही तसंच..."

त्या थांबल्या. मागं वळून लेकीकडं बघायची छाती झाली नाही.

न्यायाधीश कागद उलटत होते. "पावती नऊ तारखेची, अहवाल बारा तारखेचा. जो लिहूनच झाला नव्हता, तो यांना मिळाला कसा?" बडतर्फी रद्द झाली. अहवाल द्या, बाईंचं म्हणणं ऐका, मग नव्यानं निर्णय घ्या, असा आदेश निघाला. बाई आज जे बोलल्या, तेही त्यात नोंदवलं गेलं.

"जिंकलो!" बाहेर येऊन वकीलसाहेब म्हणाले. त्यांचा आवाज मात्र पडला होता.

लेकीनं विचारलं, "आई, लॉकरला पण तसंच म्हणजे काय?"

"घरी सांगते." घरी त्यांनी सांगितलं नाही. चार दिवस दोघी मायलेकी जेवढ्यास तेवढं बोलल्या.

सोमवारी चौकशीची तीच खोली, तोच अधिकारी. लेक बाहेर बाकावर. अधिकाऱ्यानं कागदांचे दोन गठ्ठे सरकवले, फार अदबीनं. "या वेळी सगळं नियमानं, मॅडम. हा अहवाल, ही कोर्टाच्या आदेशाची प्रत. सावकाश वाचा."

आदेशाच्या तिसऱ्या पानावर त्यांचं वाक्य होतं, खाली लाल रेघ. चौदा महिन्यांपूर्वी बँकेजवळ नव्हता तो कबुलीजबाब त्यांनी स्वतःच्या तोंडानं दिला होता.

"तारीख चुकून पडली, असं म्हणाला होतात ना?" अधिकाऱ्यानं हळूच विचारलं. "लेखी उत्तर आठ दिवसांत द्या."

कागद मिळाल्याच्या पावतीवर या वेळी फुली नव्हती. मॅडमना सहीची जागा शोधावी लागली. सही केली, त्या दिवसाची तारीख घातली आणि त्या बाहेर आल्या.

लेक उठून उभी राहिली. "काय म्हणाले?"

मॅडमनी तिसरं पान काढून तिच्या हातात दिलं. "आधी हे वाच. मग विचार."

लेक वाचू लागली. मॅडम तिच्या तोंडाकडं बघत राहिल्या. एवढी भीती त्यांना कोर्टातसुद्धा वाटली नव्हती.