माझ्यावर कल्हई बसत नाही

मी जर्मनची तपेली बोलतेय. जर्मनी काही मी पाहिलेली नाही. माझा धातू अॅल्युमिनियम, आणि हे नाव मला कुणी चिकटवलं ते देव जाणे. कुणी म्हणायचं, माझ्यात शिजवलेल्याचं पोटात विष होतं. कुणी म्हणायचं, नैवेद्याला मी चालत नाही.

१९५६ साली कौशल्याबाईनं मला चाकणच्या बाजारातून चिंचवडला आणलं. तिचा नवरा रंगराव पिंपरीच्या औषधाच्या कारखान्यात कामाला होता. त्याच्या डब्याची सकाळी घाई असायची, आणि मी लवकर तापते. सासू अंबूबाई मात्र मला पाण्यात पाहायच्या.

एका सुट्टीच्या दिवशी रंगराव कढी-भात जेवला आणि तासाभरात ओकून ओकून पांढराफटक पडला. कढी माझ्यात उकळली होती. झालं, अंबूबाईंनी मला अंगणात भिरकावलं आणि सुनेला बजावलं, पोराचं बरंवाईट झालं तर माहेरचा रस्ता धर. तीन दिवस कौशल्याबाईच्या तोंडात घास गेला नाही. मला मोडीची भीती होतीच, पण तिच्याकडे पाहून जास्त धसका बसला होता.

चौथ्या दिवशी कल्हईवाला चांदभाई दारात आला. अंबूबाईंना वाटलं, आतून कल्हई केली की माझं विष अन्नात उतरणार नाही. घरातल्या पितळी पातेल्याबरोबर त्यांनी मलाही पुढे टाकलं. भाता सुरू झाला, निखारे फुलले. तेवढ्या आगीत माझं बूडच वितळलं असतं.

चांदभाईनं मला बाजूला सारलं. जर्मनवर कल्हई बसत नाही म्हणाला. मग पितळी पातेल्यात डोकावला. आतली कल्हई पार उडाली होती, हिरवट डाग पडले होते.

"मावशी, यात आंबट ठेवलं व्हतं का?"

कढीचं ताक रात्रभर त्यातच होतं. मला शिवायला नको म्हणून अंबूबाईंनीच ते तिथं ओतलं होतं.

"ताक कळकलं, पितळेचं विष उतरलं त्यात," चांदभाई म्हणाला. "कुणी ठेवलं?"

"मीच," कौशल्याबाई खाली मान घालून म्हणाली.

अंबूबाईंनी ते पितळी पातेलं हातात घेऊन आत पाहिलं. मग म्हणाल्या, "ती न्हाई. म्या ठिवलं व्हतं."

रंगराव आता कामावर जातो. मी पुन्हा चुलीवर आहे, तरी त्याला साधी ढेकर आली की माझा जीव वरखाली होतो. आंबट मलाही सोसत नाही, हे खरं. माझ्यावर खुशाल संशय घ्या, हवं तर मोडीत घाला. पण त्या संशयापायी घरातल्या सुनेला माहेरचा रस्ता दाखवू नका.