पांढऱ्या डोळ्यांचा सैतान

पडद्यावर ओस्विन दाल्के आला की बर्लिनमधली धडधाकट माणसंसुद्धा शेजाऱ्याचा हात धरायची. गळे आवळणारा डॉक्टर तोच, थडग्यातून उठलेला सरदार तोच, सैतान तर ठरलेलाच. प्रत्यक्षात हा गृहस्थ अंगणातल्या हंसाला भिऊन मागच्या जिन्याने ये-जा करायचा.

सगळी किमया डोळ्यांची. ओस्विनचे डोळे फिकट निळे, आणि त्या काळच्या फिल्मला निळा रंग ओळखताच येत नसे. निळं ते सगळं पांढरं उठायचं. पडद्यावर त्याच्या खोबणींत सोललेली उकडलेली अंडी बसवल्यासारखी वाटत. लाल मात्र काळा उठे, म्हणून गालांना लाल रंग फासला की गालांत खड्डे पडलेच म्हणून समजा. झाला सैतान तयार! अभिनय बिचारा दाराबाहेर उभा.

कोपऱ्यावरचा खाटीक श्रेपेल त्याला सॉसेज देताना भीतीपोटी एक तुकडा वर टाकायचा. सिनेमे तेव्हा मुके, सोबतीला थिएटरात पियानो वाजायचा. बायको वाल्बुर्गा प्रत्येक सिनेमाला जायची, पण सगळा वेळ डोळे मिटून बसायची. "पियानो फार छान वाजवला हो," एवढंच तिचं मत.

मग स्टुडिओत नवी फिल्म आली.

"चित्र काळंपांढरंच, पण हिला सगळे रंग कळतात," कॅमेरावाला रुप्रेख्ट म्हणाला. "उद्या तुझी चाचणी. त्यावरून ठरेल, नवा सैतान तू की दुसरा कोणी."

रात्री घरी ओस्विनने ताट दूर सारलं. "संपलं गं माझं. डोळे पांढरे दिसले नाहीत तर मला घाबरणार कोण?"

"हंस तरी नाहीच घाबरायचा," वाल्बुर्गा म्हणाली.

"थट्टा सुचतेय तुला! सैतानाशिवाय मला येतंय काय?"

तिने त्याच्या ताटात बटाटे वाढले.

डोळ्यांनी दगा दिला तर गाल आहेत, असा हिशेब करून दुसऱ्या दिवशी ओस्विनने लाल रंग दुप्पट फासला. कॅमेऱ्यापुढे दात विचकले, बोटं वाकडी केली. "झालं," रुप्रेख्ट म्हणाला, पण कॅमेरा चालवायचा दांडा त्याने सवयीने आणखी थोडा फिरवला. ओस्विनला वाटलं, सुटलो. "बरा झाला ना रे?" त्याने विचारलं.

चाचणी पाहायला सगळा स्टुडिओ जमला. दिवे मालवले आणि पडद्यावर गुबगुबीत गालांचा, प्रेमळ डोळ्यांचा एक गृहस्थ दात विचकू लागला. खोलीत हशा पिकला.

"ओस्विन, अरे हा सैतान आहे की पाववाला?" दिग्दर्शक ट्राउटवाइन डोळे पुसत म्हणाले.

"नव्या फिल्मवर लाल उजळ उठतो रे बाबा," रुप्रेख्ट हळूच म्हणाला. "कालच सांगायला हवं होतं."

ओस्विनला धरणी पोटात घेईल तर बरं, असं झालं. त्याने टोपी उचलली. तेवढ्यात हसणं एकदम थांबलं. पडद्यावर 'झालं' म्हटल्यानंतरचा तो शेवटचा तुकडा चालला होता: रंग फासलेला तोच उतारवयातला गृहस्थ कॅमेऱ्यामागच्या माणसाला काहीतरी विचारत होता, आणि 'हो' म्हणा असं त्याचं सगळं तोंड विनवत होतं.

"टोपी ठेव खाली," ट्राउटवाइन म्हणाले. "सैतान मिळेल कुठेही. मला नवरीचा बाप हवाय."

सिनेमा लागला त्या सकाळी श्रेपेलने सॉसेज नेमकं तोलून दिलं. भिंतीवरचं नवं पोस्टर त्याने पाहिलं होतं. वर काही टाकलं नाही, पण आयुष्यात पहिल्यांदा हसून विचारलं, "काय म्हणता, दाल्के साहेब?"

संध्याकाळी थिएटरात अंधार झाला आणि वाल्बुर्गाने सवयीने डोळे घट्ट मिटले.

"अगं, उघड."

"नको रे बाबा."

"एकदाच. माझ्यासाठी."

तिने एक डोळा उघडला, मग दुसरा. पडद्यावर नवरीचा बाप लेकीच्या झग्यावरचा दोरा काढत होता, उगाचच, तिने आणखी थोडं थांबावं म्हणून. वाल्बुर्गा खुर्चीत पुढे सरकली.

"अय्या, हा तर आपल्या घरातला!" ती म्हणाली आणि तिने त्याच्या दंडाला जोरात चिमटा काढला. "इतकी वर्षं लोकांपासून लपवून का ठेवलास रे याला?"

ओस्विनने दंड चोळला. त्या रात्री पियानो कसा वाजला, ते दोघांनाही सांगता आलं नाही.